'गॉल' कोसळलेल्या लाटेने बुडाली की कचऱ्याच्या भोकाने? मासे गोठवणारं फॅक्टरी जहाज आतून कसं चालतं

थंडीचा_मिस्त्री (सोलापूर)
सोलापुरात बसून समुद्राचा प्रश्न विचारतोय, हसू नका. इथे शीतगृहांचे अमोनियाचे प्लांट बघतो, डाळिंब आणि बेदाणा. मासा म्हणजे आमच्याकडे उजनीचा चिलापी, बर्फात घालून भिगवणला. जहाजावरच मासा कापून, गोठवून, पेटीत भरतात हे वाचलं आणि त्यातून 'गॉल' या ब्रिटिश जहाजापर्यंत पोचलो. ८ फेब्रुवारी १९७४, नॉर्वेच्या नॉर्थ केपच्या उत्तरेला, ३६ माणसांसकट गायब. जेमतेम दीड वर्ष वापरलेलं जहाज, आणि मदतीचा एकही संदेश नाही.

दोन गोष्टी विचारायच्या आहेत. १) हलत्या जहाजावर उणे ४० चा प्लांट कसा चालवतात, लोड किती येतो? २) एवढं मोठं जहाज शब्द न काढता बुडतं कसं?

डेकखालचा
पहिल्याचं उत्तर देतो.

जाळं मागच्या उतारावरून, म्हणजे रॅम्पवरून, विंचने वर ओढतात. ही युक्ती देवमासे मारणाऱ्या जहाजांकडून आली. १९५४ चं 'फेअरट्राय' हे या जातीचं पहिलं मोठं जहाज, आणि ते काढणारी साल्वेसन कंपनी मुळात देवमाशांच्याच धंद्यातली. जाळ्याची शेपूट वरच्या डेकवर सोडली की मासा झाकणातून खालच्या हौदात पडतो. तिथून पुढे फॅक्टरी डेक. मिलमधल्या खात्यांसारखं एकामागे एक: पोट काढणं, रक्त जायला १५-३० मिनिटं वाहत्या समुद्राच्या पाण्यात ठेवणं, धुणं, डोकं उडवणं, हवं तर मशीनवर फिलेट, मग फ्रीझर. मासा ताठरायच्या आत फिलेट केला तर तुकडा आखडतो. ताठरल्यावर जोर लावून वाकवला तर मांस फाटतं. म्हणून जाळं किती वेळाने आणि केवढं भरून वर घ्यायचं हे फॅक्टरीच्या वेगावर ठरवावं लागतं. पकड मोठी मिळाली की मासा हौदात तुंबतो आणि माल खराब होतो.

फ्रीझर उभ्या प्लेटांचा. अख्खा मासा दोन प्लेटांमध्ये दाबून भरायचा, साधारण १०० मिमी जाडीची आणि ४५-५० किलोची लादी. प्लेट उणे ४० ला असेल तर चारेक तासांत तयार. मग गरम वायू सोडून लादी सुटी करायची आणि उणे ३० च्या खणात रचायची. बिघडतं ते नेहमीचंच: प्लेटांवर बर्फ राहिला, भरताना पोकळी राहिली, किंवा आत तेल साचलं. चार तासांचे सहा झाले की मागे सगळी रांग अडते.

लोड काढू. मासा ५ अंशांवरून उणे ३० ला न्यायला किलोमागे साधारण ३२० किलोज्यूल काढावे लागतात. दिवसाला ४० टन धरले तर सरासरी १४८ किलोवॅट, म्हणजे ४२ टीआर (टन रेफ्रिजरेशन, थंडी मोजायचं माप). पाइप, पंप, खणाची गळती धरून ६० ठेवा. तुमच्या डाळिंबाच्या खोलीत मुख्य काम फळाची उष्णता काढून ५ अंशांवर टिकवण्याचं. इथे पाण्याचा बर्फ करायचा आहे, बिलाचा मोठा भाग तिथेच जातो.

अमोनिया उणे ३३ च्या खाली गेला की सक्शनचा, म्हणजे कॉम्प्रेसर वायू ओढतो त्या बाजूचा, दाब हवेच्या दाबापेक्षा कमी. मग गळती असेल तर वायू बाहेर येत नाही, हवा आत जाते, आणि कंडेन्सरचा दाब वाढल्यावर कळतं. आर-२२ या दुसऱ्या थंडीच्या वायूची तीच मर्यादा जवळपास उणे ४१. त्या काळी जहाजांवर आर-२२ आवडता असण्याचं हे एक कारण, दुसरं अर्थात विषारीपणा. बंद डेकवर अमोनिया फुटला तर पळणार कुठे?

जीएम_शून्य
दुसरा प्रश्न माझा.

आधी तथ्यं. 'गॉल' १९७२ मध्ये लोस्टॉफ्टच्या ब्रुक मरीनने बांधली, तेव्हाचं नाव 'रेंजर कॅस्टर'. लांबी सुमारे ६६ मीटर, ११०६ ग्रॉस टन (हे आकारमानाचं माप, वजन नव्हे). १९७४ च्या चौकशीने प्रचंड लाटांवर ठपका ठेवला आणि फाइल मिटली. सांगाडा सापडला १९९७ मध्ये, सुमारे २८० मीटर खोलीवर. नंतर रोबो कॅमेऱ्यांनी पाहणी झाली, २००२ मध्ये काही माणसांचे अवशेषही मिळाले, आणि फेरचौकशीचा निकाल २००४ मध्ये आला.

त्यात काय निघालं? फॅक्टरी डेकच्या उजव्या बाजूला दोन चुट (कचरा बाहेर टाकायच्या घसरगुंड्या) होत्या, एक आतड्या-डोक्यांसाठी आणि दुसरी जाळ्यातून आलेल्या निरुपयोगी मालासाठी. दोन्ही थेट समुद्रात उघडणाऱ्या. बाहेर लोंबती झडप, आत हाताने लावायचं झाकण. विहिरीतल्या मोटरीचा फूट व्हॉल्व्ह आठवा: पाणी एकाच दिशेने जावं म्हणून बसवलेला, पण काडी अडकली की दोन्हीकडे मोकळा. इथे दोन्ही चुट बंद नव्हत्या. शिवाय काही दारा-झाकणांचंही तेच. पाणी फॅक्टरीत आलं आणि जहाज गेलं, असा निष्कर्ष.

थोडं पाणी एवढं जड का पडतं? परात भरून चालून बघा, मग कळशी भरून. कळशीतलं पाणी जागच्या जागी असतं, परातीतलं तुमच्या आधी कडेला पोचतं. समजा फॅक्टरी डेक ३० मीटर लांब, १० मीटर रुंद. सूत्र: लांबी × रुंदीचा घन ÷ १२, म्हणजे २५००. समुद्राच्या पाण्याची घनता १.०२५ ने गुणा, १५०० टन वजनाच्या जहाजाने भागा: १.७ मीटर, मोकळ्या पाण्याने स्थैर्यात एवढी घट. अशा जहाजाची सरळ राहण्याची पुंजी, जीएम, समजा ०.८ मीटर. म्हणजे १० सेंमी पाण्याने पुंजी संपून कर्ज झालं.

मोजपट्टी
@जीएम_शून्य, आकडा बरोबर, निष्कर्ष जरा घाईचा. ते सूत्र अगदी लहान कलासाठी आहे. १० सेंमीचा थर एखाद्या अंशाच्या कलातच एका बाजूला गोळा होतो आणि मग जोर त्या वेगाने वाढत नाही. त्याच आकड्यांनी, कडेला साचलेलं पाणी पाचरीच्या आकाराचं धरून, हिशेब केला: १० सेंमी पाणी (३१ टन) जहाजाला सुमारे ५ अंश झुकवून ठेवतं. ३० सेंमी (९२ टन) सुमारे १५ अंश. लाटा आणि वारा अजून धरलेलाच नाही.

पण खरी गोम पुढे आहे. ५ अंशांना बाजू ४४ सेंमी खाली जाते, १५ अंशांना १.३ मीटर. जी चुट पाण्याच्या वर होती ती आता पाण्यात. म्हणजे पाण्याने झुकाव आणि झुकावाने आणखी पाणी. सुरुवात हळू, शेवट काही मिनिटांचा. बिनतारी खोलीपर्यंत जायला वेळ राहत नाही, बिनसंदेशाच्या जाण्यात गूढ काही नाही.

हेरकथा_नको
रशियनांनी पकडलं, पाणबुडीने ओढलं वगैरे लोकांनी खूप लिहिलंय. काही ट्रॉलर (जाळं ओढणारी मासेमारी जहाजं) त्या काळात माहिती गोळा करायला वापरले गेले हे ब्रिटिश सरकारने नंतर मान्य केलं, हे खरं. पण फेरचौकशीला 'गॉल' त्यात होती असं आढळलं नाही. घरच्यांना मात्र २३ वर्षं जहाज कुठे आहे हेच कळलं नव्हतं, मग अफवा पिकणारच.

डेकखालचा
चुट उघडी का राहते तेही सांगायला हवं. मुद्दाम कोणी ठेवत नाही. कचरा सतत येतो, झाकण दर वेळी लावणं म्हणजे रांग थांबवणं. आणि फॅक्टरीत समुद्राचं पाणी दिवसभर सोडलेलं असतं, ते बाहेर जातं मोऱ्या आणि पंपाच्या खड्ड्यातून. खवले, आतडी, पोत्याच्या चिंध्या जाळीवर बसल्या की पंप हवा खातो. कामगाराला पायाखाली पाणी नेहमीचंच, त्यामुळे घोट्यापर्यंत आलं तरी 'आज जरा जास्त आहे' असं वाटतं.

भोक नेहमी चुटच असतं असं नाही. 'अलास्का रेंजर', २३ मार्च २००८, बेरिंग समुद्र, ४७ जण, ५ गेले. तिथे पाणी सुकाणूच्या खोलीत शिरलं, बहुधा सुकाणूच निसटल्यामुळे. एका खोलीने जहाज जायला नको होतं, पण दारं आणि भिंतीतून गेलेल्या पाइप-वायरींच्या फटी यांमधून पाणी खोलीमागून खोली भरत गेलं. वीज गेल्यावर पंख्याच्या पात्यांचा कोन उलटा झाला आणि जहाज मागे जायला लागलं, तराफे पुढे राहिले. २ एप्रिल २०१५ ला ओखोत्स्क समुद्रात 'दाल्नी वोस्तोक' १३२ जणांना घेऊन गेलं, ६९ दगावले. त्याला बुडायला पंधराएक मिनिटं.

थंडीचा_मिस्त्री (सोलापूर)
परात समजली, आभार. मग तपासायचं काय? आमच्याकडे कोल्ड रूमच्या दारात कागदाची पट्टी धरून दार लावतात. सहज ओढली गेली तर रबर गेलं.

मोजपट्टी
तेच, पण खडूने. दाराच्या चौकटीच्या धारेला खडू लावा, दार घट्ट लावा, उघडून रबरावरची रेघ बघा. जिथे तुटली तिथून पाणी येणार. रबराला रंग लागला असेल तर आधी तो खरवडा, रंगाने कडक झालेलं रबर दाबलंच जात नाही. चुटची झडप हाताने उचलून सोडायची. स्वतःच्या वजनाने आपटून बसली पाहिजे, अर्ध्यात थांबली तर बिजागरी गंजली आहे. आणि पाण्याच्या पातळीची घंटा फॅक्टरीत वाजून उपयोग नाही, मशीनच्या आवाजात कोण ऐकणार? ती कॅप्टनच्या डोक्याशी वाजायला हवी.