खैर : तो की ती?

परवा भाच्यावर ओरडताना बोलून गेलो, "आता तुझी खैर नाही", तर तो म्हणतो मामा खैर म्हणजे ते काट्याचं झाड ना, सहलीत दाखवलं होतं, मग माझं झाड नाही म्हणजे काय? हसलो पण उत्तर काही देता आलं नाही. झाडाचा आणि या खैरचा काही संबंध आहे का?

— नाही दादा, अजिबात नाही. 'खैर नाही'मधली खैर मूळची अरबी, फारसीतून आपल्याकडे आली, अर्थ भलं, कल्याण. खैरात, खैरियत हे तिचेच भाऊबंद. झाड मात्र संस्कृत खदिर, प्राकृतात मधला द गळून खइर झालं आणि मग खैर. आणि लिंग बघा ना, तुझी खैर म्हणजे ती, झाड म्हणजे तो खैर. मराठीने न सांगता दोघांना वेगळं ठेवलंय.

— अगदी! आणि गंमत म्हणजे कातचंही सेम आहे. साप टाकतो ती कात, पानात चुन्याबरोबर लावतो तो कात. सापाची कात संस्कृत कृत्तिवरून, म्हणजे कातडं (शंकराला कृत्तिवास म्हणतात ते त्यावरूनच), आणि पानातला कात क्वाथवरून, म्हणजे उकळून काढलेला अर्क. काढा हा शब्दपण त्याच क्वाथचा, म्हणजे कात आणि काढा चुलत भाऊ निघाले.

— मग कातकरी? मला कायम वाटायचं सापांशी काहीतरी असेल.

— नाही हो ताई, तो कात करणारे ते कातकरी, काथोडीपण म्हणतात. रायगड-ठाण्याच्या जंगलात खैर तोडायचा, वरचं पांढरट लाकूड तासून टाकायचं, आतल्या लाल गाभ्याचे बारीक तुकडे करून मडक्यात उकळत ठेवायचे, पाणी आटवत आटवत दाट करायचं, गार झालं की ते थिजतं, तोच कात. या कामावरून अख्ख्या जमातीला नाव पडलं आणि आता त्यातले कितीतरी जण वीटभट्टीवर राबतात, नावातला कात कधी हातात धरलेलाही नसतो. संस्कृतात झाडाला रक्तसारही म्हणतात, गाभ्याचा रंग बघितला की पटतं.

— थोडं अवांतर, ग्रीन टीच्या जाहिरातीत चहातल्या एका घटकाचं कॅटेचिन कॅटेचिन करतात ना, ते नाव कॅटेचूवरून (काताचं इंग्रजी नाव), म्हणजे आपल्या कातावरूनच पडलंय. चहावाल्यांनी पानवाल्यांचे आभार मानायला हवेत 😄

— खदिरांगार, म्हणजे खैराचा निखारा, राहिला की! 'डोळ्यांत खदिरांगार फुलले' असं जुन्या कादंबऱ्यांत पानोपानी असायचं. खैराचं लाकूड जड आणि टणक, कोळसा भयंकर तापतो आणि निखारा लवकर विझत नाही, म्हणून रागावलेल्या डोळ्यांना तो. आता लोक सरळ 'डोळे लाल झाले' लिहितात, त्यात ती धग नाही असं माझं मत.

— आणि हिंदीवाले 'खैर, छोडो' म्हणतात ती?

— तीपण अरबीच. 'असो' म्हणायचं सोडून आपल्याकडचेही हल्ली 'खैर...' करून वाक्य सुरू करतात, मला जाम खटकतं.

— सगळ्यांना धन्यवाद, भाच्याला तो आणि ती समजावलं. आता त्याचा प्रश्न, खैराचं झाड तोडलं तर खैराची खैर नाही असं म्हणायचं का? म्हटलं हो, बरोबर आहे, आता झोप.