स्लिम कीथ: श्रेयनामावलीत हिचं नाव असायला हवं होतं का?

तिसरीघंटा
‘सोशलाइट’ला, म्हणजे श्रीमंतांच्या पार्ट्या-समारंभांत वावरणाऱ्या नामांकित बाईला, मराठीत धड शब्द नाही. ‘उच्चभ्रू’ म्हटलं की नाक मुरडल्यासारखं वाटतं, ‘मिरवणारी’ म्हटलं की शिवीच. त्यामुळे शब्द आहे तसाच ठेवते आणि थेट बाईंकडे येते.

स्लिम कीथ. जन्म १९१७, सॅलिनस, कॅलिफोर्निया. वडिलांचे सार्डिन माशांचे डबाबंद कारखाने. तीन लग्नं: दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्स (१९४१), नाट्यनिर्माता लीलंड हेवर्ड (१९४९), ब्रिटिश बँकर केनेथ कीथ (१९६२). मृत्यू १९९०. बहुतेकांना ती लेखक ट्रुमन कपोटीच्या ‘हंसिणीं’पैकी, म्हणजे त्याच्या श्रीमंत मैत्रिणींपैकी, एक म्हणूनच माहीत असते. माझा मुद्दा त्याआधीचा आहे.

मार्च १९४३च्या ‘हार्पर्स बझार’च्या मुखपृष्ठावर रेडक्रॉसच्या रक्तदान केंद्राच्या दारासमोर उभी असलेली अठरा वर्षांची मॉडेल होती. छायाचित्र लुईस डाल-वुल्फचं. स्लिमने तो अंक नवऱ्यापुढे धरला. हॉक्सने मुलीला बोलावलं, स्क्रीन टेस्ट घेतली, सात वर्षांच्या करारात बांधलं, आठवड्याला १०० डॉलर. ती मुलगी म्हणजे लॉरेन बकॉल. पुढच्याच वर्षी आलेल्या हॉक्सच्या ‘टू हॅव अँड हॅव नॉट’ या चित्रपटात तिच्या पात्राचं खरं नाव मेरी, नायक हम्फ्री बोगार्टच्या पात्राचं हॅरी. पण ती दोघं एकमेकांना ‘स्लिम’ आणि ‘स्टीव्ह’ म्हणतात. हॉक्स नवरा-बायको घरात एकमेकांना हेच म्हणायची! कपड्यांची ढब स्लिमची, पुरुषाला न बिचकता टोलवणारं बोलणंही तिचंच. श्रेयनामावलीत मात्र तिचा पत्ता नाही. हे काम नव्हे तर काय?

रोखठोक
असहमत. स्थळ सुचवणाऱ्या मावशीला मानाची साडी मिळते, पत्रिकेत तिचं नाव निमंत्रक म्हणून छापत नाहीत.

मासिक दाखवायला एक मिनिट लागतं. खरं काम पुढे होतं आणि ते हॉक्स आणि बकॉल यांनी केलं. मुलीचा आवाज वर चढायचा, नाकात जायचा. घाबरल्यावर तर जास्तच, कारण घशाचे स्नायू आवळले की आवाज वर सरकतो. हॉक्सने तिला खालच्या पट्टीत मोठ्याने वाचायला लावलं आणि तिने ते घोटलं. सेटवर भीतीने डोकं थरथरायचं, म्हणून तिने हनुवटी छातीशी टेकवली आणि नजर वर केली. ती जगप्रसिद्ध ‘नजर’ म्हणजे थरथर लपवण्याची युक्ती. यात स्लिम कुठे आली?

पटकथा जूल्स फर्थमन आणि विल्यम फॉकनर यांची. लेखनाचं श्रेय कागदावर कोणाचा किती मजकूर आहे यावर ठरतं. घरातल्या गप्पांमधून चार वाक्यं उचलली गेली म्हणून बायको सहलेखिका होत नाही. तसं धरलं तर जगातला प्रत्येक लेखक सासुरवाडीचं देणं लागतो.

जुनाकपडेपट
आवाजाबद्दल एक पुस्ती. आपल्या नैसर्गिक पट्टीच्या खाली रेटून बोलत राहिलं की स्वरयंत्राच्या स्नायूंवर ताण येतो, आवाज थकतो, घोगरा होतो. डॉक्टर मंडळी याला ‘बोगार्ट-बकॉल सिंड्रोम’ म्हणतात. तेव्हा घरी प्रयोग करणाऱ्यांनी जपून.

आता कपडे. वेशभूषेचं श्रेय मायलो अँडरसन यांना आहे, ते वॉर्नर ब्रदर्स स्टुडिओचे डिझायनर. पण चौकडीच्या सूटकडे नीट पाहा. खांदे भरीव, कंबर आवळलेली, खाली साधा सरळ स्कर्ट, डोक्यावर बेरे टोपी. कुठे झालर नाही, चमक नाही. त्या काळी नायिकेची ओळख करून द्यायची तर फर, सॅटिन, टिकल्या ठरलेल्या. हिचा पेहराव दुकानात जाऊन घेता येईल असा. हा साधेपणा स्लिमचा. सर्वोत्तम पेहरावाच्या याद्यांत ती याच गोष्टीसाठी असायची.

डिझायनरचं श्रेय त्यामुळे पुसलं जात नाही. चौकडी केवढी घ्यायची हे त्यालाच ठरवावं लागतं. कृष्णधवल चित्रणात बारीक चौकडी जरा लांबून नुसती राखाडी दिसते, फार मोठी घेतली तर अंगकाठी तुटल्यासारखी दिसते. कल्पना एकीची, कापड बेतणं दुसऱ्याचं. आजच्या चित्रपटात अशा बाईला ‘सल्लागार’ म्हणून एक ओळ सहज मिळाली असती.

खतावणी
श्रेयाचं राहू द्या, पैशांचं बोला.

बकॉलचा करार हॉक्सच्या हातात होता. पुढे तिचं बोगार्टशी जुळलं, हॉक्स नाराज झाला आणि करार वॉर्नरला विकून मोकळा झाला. म्हणजे ‘शोध’ लागला त्याची किंमत वसूल झाली. आता गंमत अशी की कॅलिफोर्नियात लग्नानंतरची कमाई नवरा-बायकोची सामाईक मानतात. कायद्याने त्या कमाईत स्लिमचा अर्धा वाटा होता. पण सामाईक मालमत्तेचा कारभार नवऱ्याकडे असायचा. दोघांना सारखा अधिकार मिळाला तो १९७५पासून. म्हणजे १९४३मध्ये करार कोणाशी, कितीला, विकायचा कधी, हे सगळं एकट्या हॉक्सने ठरवायचं. ‘मदत केली’ आणि ‘काम केलं’ यांतला फरक बऱ्याचदा सही कोणाची यावर ठरतो. रोखठोक यांचा कागदाचा मुद्दा बरोबर आहे, पण कागद आधी कोणाच्या हातात दिला होता तेही बघा.

दुसरं, ही बैठकीची दुनिया म्हणजे रिकामटेकडेपणा नव्हे. ‘साउथ पॅसिफिक’ या संगीत नाटकाचं उदाहरण घ्या. लेखक जेम्स मिशनरच्या कथांवर ते करायचं हे दिग्दर्शक जोशुआ लोगन आणि लीलंड हेवर्ड यांच्या मनात होतं. हक्क पदरात पडेपर्यंत तोंड मिटून राहा, संगीतकार रॉजर्सला कळू देऊ नकोस, असं हेवर्डने लोगनला बजावलं होतं. लोगन एका पार्टीत रॉजर्सशी बोलून बसला. परिणाम? रॉजर्स आणि त्याचा गीतकार जोडीदार हॅमरस्टाइन यांनी ५१ टक्के वाटा मागितला आणि घेतला. एप्रिल १९४९मध्ये नाटक आलं, तुफान चाललं, आणि निर्णयाचा अधिकार गेला तो गेलाच. मिशनरला हेवर्ड सरळ ५०० डॉलर देऊन मोकळा होणार होता. मिशनरने नकार दिला आणि उत्पन्नाचा १ टक्का पदरात पाडून घेतला. कोणाशेजारी कोणाला बसवायचं, कोणाचा ग्लास कधी भरायचा थांबवायचं, यावर एवढी रक्कम हलते.

रोखठोक
हे उदाहरण तुमच्यावरच उलटतंय. पार्टी झाली म्हणून धंदा बुडाला! शिवाय तो व्यवहार झाला तेव्हा स्लिम हेवर्डची बायको नव्हती. लग्न १९४९चं, त्याआधी तो अभिनेत्री मार्गारेट सलव्हनचा नवरा. हेवर्ड मुळात एजंट, मोठमोठे नट त्याच्याकडे, १९४५मध्ये एजन्सी एमसीए या बड्या एजन्सीला विकून पूर्ण वेळ निर्माता झाला. त्याला यजमानीण मिळाली म्हणून तो मोठा झाला असं दाखवणारं एकही नाटक नाही.

तिसरीघंटा
नाटक नाही, पण एक कादंबरिका आहे. लेखक हेमिंग्वेशी स्लिमची ओळख हेवर्डच्या कितीतरी आधीची, हॉक्सच्या दिवसांतली. हेवर्ड क्यूबात हेमिंग्वेकडे गेला, ‘द ओल्ड मॅन अँड द सी’ या त्याच्या कादंबरिकेचं हस्तलिखित वाचलं आणि हे पूर्णच्या पूर्ण ‘लाइफ’ साप्ताहिकात छापा असं सुचवलं. १ सप्टेंबर १९५२चा तो अंक दोन दिवसांत ५० लाखांवर खपला. १९५८च्या चित्रपटाचा निर्माताही हेवर्डच. हेमिंग्वेच्या ओसरीवर असं घरच्यासारखं टेकता येणं यात बायकोच्या जुन्या मैत्रीचा काहीच हात नाही म्हणता?

रोखठोक
हात आहे. मजकूर हेमिंग्वेचा, सूचना हेवर्डची, ओळख स्लिमची. उतरत्या क्रमाने लिहिलंय.

पानसुपारी
चर्चा चांगली चाललीय, पण ही कुटुंबं एकमेकांत किती गुंतलेली होती हे न सांगता पुढे जाऊ नये. हॉक्सची आधीची बायको अ‍ॅथोल ही अभिनेत्री नॉर्मा शिअररची बहीण. मार्गारेट सलव्हनचा पहिला नवरा अभिनेता हेन्री फोंडा, दुसरा दिग्दर्शक विल्यम वायलर, तिसरा हेवर्ड. हेवर्ड-सलव्हनची थोरली मुलगी ब्रुक पुढे अभिनेता डेनिस हॉपरशी लग्न करते. आणि १९६०मध्ये हेवर्ड स्लिमला सोडून लग्न करतो ते पामेला चर्चिलशी, म्हणजे विन्स्टन चर्चिल यांच्या माजी सुनेशी. त्याच वर्षी जानेवारीत सलव्हन गेली, ऑक्टोबरमध्ये मधली मुलगी ब्रिजेट गेली. अशा घरात सावत्र आई म्हणून अकरा वर्षं काढणं याला कुठली श्रेयनामावली लावणार?

बाकी कपोटीबद्दल कोणी का बोलत नाही? ‘एस्क्वायर’ मासिक, नोव्हेंबर १९७५, कपोटीची कथा. पंचावन्नाव्या रस्त्यावरच्या ‘ला कोत बास्क’ रेस्तराँत लेडी इना कूलबर्थ नावाची बाई सूफ्ले फ्युर्स्टेनबर्ग मागवते, चीज-पालकाच्या फुगवट्यात अर्धवट शिजलेली अंडी दडवलेला. वर शॅम्पेन. आणि सूफ्ले येईपर्यंत व आल्यावरही ओळखीच्यांची उणीदुणी काढत बसते. ती स्लिम, हे न्यूयॉर्कात सगळ्यांनी ओळखलं. तिने कपोटीशी पुन्हा कधी संबंध ठेवला नाही.

खतावणी
कोर्टात जाऊन तरी काय झालं असतं? बदनामीच्या दाव्यात पहिली पायरी म्हणजे हे पात्र म्हणजे मीच, हे फिर्यादीने स्वतः सिद्ध करायचं. म्हणजे भर कोर्टात सांगायचं की ही दारू पिऊन मैत्रिणींची लक्तरं टांगणारी बाई मीच, फक्त मी तशी नाही. नाव बदललेलं, ‘ही कथा आहे’ असा बचाव तयार, आणि प्रत्येक साक्षीत तेच तेच पुन्हा छापून येणार. बोलणं तोडणं हाच स्वस्त आणि जास्त लागणारा मार्ग होता.

जुनाकपडेपट
इथे मुद्दा पुन्हा मूळ धाग्यावर येतो. १९४४मध्ये नवऱ्याने तिचं घरगुती नाव आणि ढब उचलली तर ते कौतुक, १९७५मध्ये मित्राने तिचं बोलणं उचललं तर तो विश्वासघात. उचलण्याची रीत एकच. पहिल्या वेळी पात्र देखणं होतं, एवढाच फरक.

रोखठोक
हे मात्र पटलं. आणि दोन्ही वेळी तिला विचारलं कोणी?

तिसरीघंटा
मानाच्या साडीचं राहिलं, रोखठोक. ती तरी मिळाली का?

रोखठोक
नाव मिळालं की. चित्रपटभर बोगार्ट हाका मारतो.

खतावणी
हाका बकॉलला मारतो.