देवमासा पाणघोड्याचा नातेवाईक हे ठरवलं कुणी, हाडांनी की डीएनएने?

रानवाट_78:
मित्राशी वाद झालाय. तो म्हणतो आता जिनोम, म्हणजे प्राण्याचा अख्खा डीएनए, वाचता येतो म्हणजे जीवाश्म वगैरे गेलं भंगारात. पुरावा म्हणून देवमाशाचं सांगतो, की हाडंवाले भलतंच बरळत होते आणि डीएनएने त्यांना गप्प केलं. खरंय का? माझं बायॉलॉजी बारावीलाच सुटलंय, सोपं करून सांगा.

पेशीवाला:
बरंचसं खरंय. 1960च्या दशकापासून दातांवरून मानायचे की देवमासे मेसोनिकिड नावाच्या खूरवाल्या मांसाहारी प्राण्यांतून आले. मग 1990च्या दशकात जपानात ओकादांच्या लॅबने जिनोममधले 'साइन' तपासले, म्हणजे स्वतःची कॉपी करून कुठेही जाऊन बसणारे छोटे तुकडे. एकदा बसला की सहसा निघत नाही, आणि दोन प्राण्यांत अगदी त्याच जागी तोच तुकडा योगायोगाने येणं जवळपास अशक्य, म्हणजे तो दोघांच्या पूर्वजातच होता. देवमासा आणि पाणघोड्यात असे तुकडे निघाले जे गायीत, डुकरात, उंटात नाहीत. विषय संपला.

दगडफोड्या:
संपला कुठे राव! 2001 साली पाकिस्तानातल्या पाय असलेल्या देवमाशांच्या घोट्याचं हाड छापून आलं, दोन्ही टोकांना कप्पीसारखं, अगदी गाय-हरणांच्या गटासारखं, आणि पाणघोडाही त्याच गटातला. म्हणजे फसवलं ते दातांनी, हाडांनी नाही. आणि आपल्या जम्मूतलं कालाकोट विसरू नका, तिथून भूवैज्ञानिक रंगा राव यांनी जमवलेले दगड कित्येक वर्षं पडून होते, नंतर एक कवटी साफ करताना चुकून तुटली तर आत देवमाशासारखं जाड कानाचं हाड! तो इंडोहायस, खूरवाला छोटा प्राणी, 2007चा पेपर, सुमारे पावणेपाच कोटी वर्षांपूर्वीचा. आतापर्यंत वाचलेला सगळ्यात जुना डीएनए 20 लाख वर्षांच्या आसपासचा आहे, मग असा प्राणी होता हे जिनोम कुठून सांगणार?

रानवाट_78:
मग जिनोमचं काम फक्त नातं जुळवण्यापुरतं?

पेशीवाला:
छे, खरी मजा मोडक्या जीन्समध्ये आहे. निळ्या देवमाशाला दात नाहीत, पण दाताचं एनॅमल बनवायचे जीन्स अजून पडून आहेत, बिघडलेले. त्यातल्या एमएमपी20 नावाच्या जीनमध्ये एक साइनच घुसलाय, आणि दात नसलेल्या सगळ्या देवमाशांत अगदी त्याच जागी. गर्भात दातांचे अंकुर येतात नि विरघळतात. उत्क्रांती बाजूला ठेवलीत तर या मोडक्या जीनचा अर्थ लावून दाखवा.

दगडफोड्या:
आणि या बिनदाती देवमाशांच्या दातवाल्या प्राचीन नातेवाइकांचे जीवाश्म ऑस्ट्रेलियात सापडलेत, तेही मित्राला सांगा.