यामालमधला नोव्हेंबरचा पाऊस

आर्क्टिक तापलं तर गवत वाढेल, म्हणजे रेनडिअर पाळणाऱ्या नेनेत्स लोकांचं भलंच होईल, असं काही जण म्हणतात. उन्हाळ्यापुरतं ठीक आहे हो, खरी गोची हिवाळ्यात आहे. सायबेरियातल्या यामाल द्वीपकल्पावर नोव्हेंबर २०१३ मध्ये बर्फावर पाऊस पडला, मग पारा घसरला आणि सगळ्यावर काचेसारखा कडक थर बसला. रेनडिअर खुरांनी भुसभुशीत बर्फ उकरून खालचं दगडफुलाच्या जातकुळीतलं लायकेन खातात. तो थर काही त्यांना फुटेना. त्या हिवाळ्यात सुमारे ६१,००० जनावरं उपासमारीने मेली. कळप गमावलेली काही कुटुंबं मासेमारीवर तगली.

पण सगळं खापर हवामानावर फोडणं मला पटत नाही. असा थर पूर्वीही बसायचा, तेव्हा कळप दुसरीकडे हाकायला मोकळी वाट तरी होती. आता मध्ये वायूची क्षेत्रं, पाइपलाइन आणि रेल्वे. २०१६ मध्ये यामालवर रेनडिअरमध्ये पसरलेल्या अँथ्रॅक्स या जिवाणूजन्य रोगाच्या साथीचंही तसंच. त्या उन्हाळ्यात गोठलेली जमीन जास्त खोल वितळली आणि तिच्यात दबलेले जुने जंतू वर आले असावेत हे खरं, पण रेनडिअरचं लसीकरण २००७ मध्येच बंद केलं होतं, हे बातम्यांत कितीजणांनी वाचलं?