रि: गुणगौरवाची शीट – लिंक आधी बंद करा

शिल्पा:
मंडळी, मंडळाच्या गुणगौरवासाठी पालक मुलांचे स्कोअर भरतायत ती शीट कोणी उघडून बघितली का? मुलांची नावं, जन्मतारीख, शाळेचा स्टुडंट आयडी, टेस्टचे स्कोअर, सगळं एका ओळीत आणि लिंक असलेल्या कोणालाही दिसतंय. पिकनिकच्या यादीचं काय झालं ते आठवतंय ना? अजय, आजच बंद कर.

अजय:
शीट माझी नाही, शिक्षण समितीची आहे, समितीत ठरलं तसाच फॉर्म केलाय. नावं काढून नुसती इयत्ता आणि स्कोअर ठेवतो, मग तर झालं? आणि सर्टिफिकेटं छापायचीत, राहिलेल्यांनी रात्रीपर्यंत भरा.

शिल्पा:
नाही झालं. आठवीत आपल्याकडे दोनच मुलं, नाव काढलं तरी कोण ते कळणारच. शाळांच्या रिपोर्टमध्ये गट छोटा असला की आकडा झाकतात तो उगाच नाही.

नाना:
स्कोअरवरून आठवलं. नातवाला ६२ पर्सेंटाइल आला तर घरात सुतक! अरे ते ६२ टक्के मार्क नव्हेत, तुलनेच्या गटातल्या ६२ टक्के मुलांच्या बरोबरीने किंवा पुढे आहे पोरगं. शिवाय त्या आकड्याला मागेपुढे थोडी सूट धरायची असते, तोच मुलगा परत पेपरला बसला तर ६० नाहीतर ६५ येईल, मग सत्कार कोणत्या आकड्याचा करताय? मी अध्यक्ष असताना सरसकट सगळ्यांना पुस्तकं द्यायचो.

अजय:
नाना, त्यातली निम्मी अजून माझ्या गॅरेजमध्ये आहेत.

संदीप:
फर्पा, म्हणजे मुलांचं शाळेचं रेकॉर्ड खाजगी ठेवायचा अमेरिकेतला कायदा, १९७४ पासून आहे, मंडळावर केस होऊ शकते हं.

मेधा:
संदीप, फर्पा सरकारी शिक्षणनिधी घेणाऱ्या शाळांना लागतो, मंडळाला नाही. पालकांनी स्वतःहून स्कोअर दिला की ते कवच गेलंच, म्हणून तर आपण जास्त जपायचं. आणि मूल अठराचं झालं की शाळेच्या रेकॉर्डवरचा हक्क त्याचा, तर कॉलेजातल्या मुलांचे आकडे आयांनी त्यांना विचारून भरलेत का? नानांच्या सुनेला सांगा, रिपोर्ट पटत नसेल तर रेकॉर्ड बघायला मागावं, ४५ दिवसांत दाखवावंच लागतं.

नाना:
सून नाही, मुलगाच जास्त रडतोय.

अजय:
जन्मतारीख आणि आयडीचे कॉलम उडवलेत. खूश?

शिल्पा:
व्हर्जन हिस्टरीत जुनं सगळं राहतं रे, एडिटवाल्या कोणालाही उघडता येतं. अख्खी शीटच डिलीट कर.

अजय:
ओनर मागचे सेक्रेटरी आहेत, डिलीट मला करता येत नाही आणि ते फोन उचलत नाहीयेत. कोणाकडे दुसरा नंबर आहे का? लिस्टवर टाकू नका, मला वेगळा पाठवा.