इत्तेफाकमधी गाणं होतं का? घरात दोन दिवस झाले अबोला

गोदाकाठ:
परवा पावसानं लाईट गेली, सगळे ओसरीवर बसलेलो. मोठे काका म्हणले, इत्तेफाक पिक्चरमधलं नंदाचं गाणं लै ग्वाड होतं. आत्या लगेच, दादा त्यात एक बी गाणं नाही. झालं, पेटलं! काका म्हणायलेत मी जत्रंत तंबूत ह्या डोळ्यानं बघितलाय. पैज लागली एक किलो कुंथलगिरीच्या पेढ्यावर. मला आजोबा अन् त्यांच्या मित्राची असलीच भांडणं आठवली, ते तर महिना महिना बोलायचे नाहीत. तुमच्याकडं बी झालं असंल, लिहा. खुनी कोण ते तेवढं सांगू नका, पोरांनी बघितला नाही अजून.

बिंदुसरा:
आत्या बरोबर. घोळ कामून होतो सांगू का, कानून अन् इत्तेफाक दोन्ही बी. आर. चोप्रांच्या बॅनरचे, दोन्हीत नंदा, दोन्ही बिनगाण्याचे. कानून १९६० चा, राजेंद्रकुमार अन् जज्ज अशोककुमार. इत्तेफाक १९६९ चा, यश चोप्रांनी केलेला, त्यात राजेश खन्ना. आमचे वडील पोलिसात होते, इफ्तेखार पडद्यावर आला की घरात बसून सॅल्यूट ठोकायचे, त्यात ह्या पिक्चरमधी त्याचं नाव इन्स्पेक्टर कर्वे! आई म्हणायची दिवाण. दिवाण सुजितकुमार होता पण तिला कोण सांगणार.

माहेरवाशीण:
नंदा म्हणजे कोल्हापूरच्या मास्टर विनायकांची लेक. पेढे कोल्हापूरला पाठवा मग 😂

कडक ऊन:
पेढे कुंथलगिरीचेच, बाकी कशावर बी तडजोड करा.

पत्र्याचं घर:
आमचं ज्वेल थीफवरून. अंबाजोगाईच्या टॉवरवर टीव्हीला कायम मुंग्या, भाऊ अँटिना धरून माळवदावर अन् मी खालून ओरडायलोय आलं, गेलं, आलं. पार्टीत सगळ्यांसमोर देव आनंदला पायाची बोटं दाखवायला लावतात, सहा हायेत का बघायला, चोराला सहा असतात म्हणून. त्यानं बूट काढला, मोज्याला हात घातला अन् लाईट गेली. मी कॉलेजला जाईपर्यंत वर्गात छातीठोक सांगायचो सहा बोटं हायेत म्हणून. भाऊ तर अजून म्हणतो, मी वर होतो, मला काय बी दिसलं नाही, माझा पिक्चर तू परत दाखव.

बिंदुसरा:
😂😂 भाऊला दाखवा राव आता तरी

जुना रिळवाला:
काका खोटं बोलत नसतील. मी पोरवयात टुरिंग टॉकीजमधी रिळाच्या पेट्या उचलायचो. गाणं नाही आलं की पब्लिक पडद्यावर चपला फेकायची, म्हणून मालक कुठल्या तरी जुन्या पिक्चरचं गाणं मधीच चिटकवायला लावायचा. ब्लेडनं फिल्मच्या टोकाचा थर खरवडायचा, फिल्म चिटकवायच्या सिमेंटचं बोट फिरवायचं अन् जोड दाबून धरायचा. त्याचा वास अजून नाकात हाय. इत्तेफाक रंगीत हाय. काकाला एवढंच विचारा, गाणं कसं होतं, रंगीत का काळंपांढरं?

गोदाकाठ:
विचारलं. काका म्हणले, "काळंपांढरं होतं की. मला वाटलं तिला जुनं आठवायलंय."

माहेरवाशीण:
अगं बाई 🤣 मग पेढे कुणी द्यायचे?

गोदाकाठ:
काका म्हणायलेत मीच जिंकलो. आत्या फोन उचलंना.

कडक ऊन:
बरं ते राहू द्या, तिकडं सोयाबीन भिजलं का वाचलं?