राखणीच्या कुत्र्यासाठी अंगण तयार करतोय, मदत हवी आहे

मंडळी, घरात ५ महिन्यांचं रॉटवायलरचं पिल्लू आहे. पंजे आत्ताच माझ्या तळहाताएवढे. पुढे राखणीला तयार करायचंय, पण आधी बस, थांब, ये एवढं पक्कं होऊ दे. गुरगुरायला शिकवायची घाई मला मुळीच नाही.

खरी अडचण कुंपणाची. तारेची जाळी ४ फुटांची आहे, ती ६ फुटांपर्यंत चढवणार आहे. पण पठ्ठ्या उडी मारतच नाही, खालून उकरतो! काल फाटकाच्या कोपऱ्यात अख्खं डोकं बाहेर आणि नाकावर मातीचा गोळा. जाळी फूटभर खाली पुरावी, की आतल्या बाजूने जमिनीवर आडवी पसरून वर फरशा टाकाव्यात? पुरलेली जाळी गंजून किती दिवसांत जाते? ज्यांनी केलंय त्यांनीच सांगा.

रस्त्याकडून कोणी गेलं की जाळीलगत धावत भुंकतो. ती बाजू शेडनेटने झाकून फरक पडतो का? साखळीला बांधून ठेवणार नाही, त्याने कुत्रा आणखी चिडका होतो.

घरातली फरशी गुळगुळीत, वळताना मागचे पाय फाकतात. मोठ्या जातींची हाडं दीडेक वर्ष भरत असतात, म्हणून रबरी मॅट टाकल्या. एकीच्या चिंध्या झाल्या, ते असो.

कुंपणालगतची कण्हेर विषारी म्हणून उपटलीच. सरावाला २० बाय ३० फूट जागा पुरेल का? आणि एकामागे एक दोन फाटकं केली असतील, तर मधलं अंतर किती ठेवलंत?